गिल्डहॉलमध्ये सगळेच उठून उभे राहिले

२३ सप्टेंबर १९८०. उत्तर आयर्लंडमधलं डेरी शहर. गिल्डहॉल या नगरभवनात एका नव्या नाटकाचा पहिला प्रयोग संपला आणि टाळ्या सुरू झाल्या. शहराच्या तेव्हाच्या महापौर मार्लिन जेफर्सन युनियनिस्ट, म्हणजे हा मुलूख ब्रिटनमध्येच राहिला पाहिजे असं मानणाऱ्या पक्षाच्या. त्या उठून उभ्या राहिल्या आणि टाळ्या वाजवत राहिल्या. सगळं सभागृह उभं होतं.

नाटक होतं ब्रायन फ्रीलचं 'ट्रान्सलेशन्स'. इंग्रज लष्कराची मोजणीची तुकडी एका आयरिश खेड्यात येते, गावांची-टेकड्यांची-ओढ्यांची नावं बदलून नकाशावर चढवते आणि शेवटी घरं जमीनदोस्त करायची धमकी देते, असं त्याचं कथानक. म्हणजे ज्या भांडणात या शहरातली माणसं दहा-अकरा वर्षं मरत होती, त्याच भांडणाचं मूळ सांगणारी गोष्ट. ती पाहून नॅशनलिस्टांनी, म्हणजे सगळं आयर्लंड एक व्हावं असं मानणाऱ्यांनी, टाळ्या वाजवाव्यात हे समजतं. युनियनिस्ट महापौरांनी का वाजवाव्यात?

मला या प्रकरणात रस आहे तो या प्रश्नामुळे. एरवी आयरिश रंगभूमीची ख्याती उलटी. डब्लिनचं अ‍ॅबी थिएटर १९०४ सालचं. तीन वर्षांत, १९०७ साली, जे. एम. सिंग या आयरिश नाटककाराच्या नाटकावरून तिथे प्रेक्षकांनी असा गोंधळ घातला की पोलीस बोलवावे लागले. 'आमची खेड्यातली माणसं अशी नाहीत' हा राग. १९२६ साली ओ'केसीच्या नाटकाला पुन्हा तेच. तिथे नाटक म्हणजे 'आपण कोण' याची जाहीर सुनावणीच, आणि अशी सुनावणी शांतपणे होत नसते. मग १९८० साली, त्याहून कितीतरी जास्त तापलेल्या गावात, एकही खुर्ची कशी तुटली नाही?

गावाचं नाव सांगा, धर्म ओळखतो

आधी ती जागा समजून घेतली पाहिजे. डेरी हे मूळ आयरिश 'दोरे'चं इंग्रजी रूप. अर्थ ओकवृक्षांची राई. १६१३ साली लंडनच्या व्यापारी मंडळ्यांकडे इथली वसाहत सोपवली गेली आणि नावामागे लंडन लागलं: लंडनडेरी. तेव्हापासून कॅथलिक नॅशनलिस्ट म्हणणार डेरी, प्रॉटेस्टंट युनियनिस्ट म्हणणार लंडनडेरी. रस्त्यावरच्या पाट्यांवरचं 'लंडन' रंगाने खोडलेलं असतं. ज्याला वाद नको तो 'डेरी तिरकी रेघ लंडनडेरी' असं दोन्ही म्हणतो. तिथल्या एका रेडिओ निवेदकाने त्या तिरक्या रेघेवरूनच शहराचं 'स्ट्रोक सिटी' असं टोपणनाव पाडलं. आपल्याकडे आडनाव विचारून जात काढतात, तिथे तेवढीही गरज नाही. कुठून आलात एवढं विचारलं की पुरे.

गिल्डहॉल बांधला लंडनच्याच त्या मंडळ्यांच्या संस्थेने, १८९० साली. शहरात कॅथलिक बहुसंख्य, पण प्रभागांच्या रेषा अशा काही आखलेल्या की याच इमारतीत १९६०च्या दशकाअखेरपर्यंत सत्ता युनियनिस्टांची. ३० जानेवारी १९७२ रोजी नागरी हक्कांचा मोर्चा निघाला तो याच इमारतीसमोरच्या चौकात यायचा होता. लष्कराने तो वाटेत अडवला आणि पॅराशूट रेजिमेंटच्या सैनिकांनी गोळ्या झाडल्या. १३ जण त्याच दिवशी गेले, एक नंतर. त्याच वर्षी गिल्डहॉलमध्ये बॉम्ब फुटले. दुरुस्ती होऊन इमारत पुन्हा उघडायला १९७७ उजाडलं.

फ्रीलची या इमारतीशी जुनी ओळख. जन्म टायरोन परगण्यातला, १९२९चा, पण वयाच्या दहाव्या वर्षापासून वाढला डेरीत. बाप मास्तर, पुढे तोही दहा वर्षं मास्तर. १९७३ साली त्याने लिहिलेल्या नाटकात तीन मोर्चेकरी अश्रुधुरापासून पळता पळता चुकून गिल्डहॉलमध्ये, थेट महापौरांच्या दालनात शिरतात आणि हात वर करून बाहेर येताना मारले जातात. ते नाटक डब्लिनला झालं, लंडनला झालं. आता सात वर्षांनी फ्रील कागदावरच्या गिल्डहॉलमधून खऱ्या गिल्डहॉलमध्ये येत होता.

तेही आपणहून. तोवर त्याचं ब्रॉडवेवर नाव झालेलं होतं. अ‍ॅबीने किंवा लंडनच्या एखाद्या थिएटरने हे नाटक आनंदाने घेतलं असतं. डेरीत तर धड नाट्यगृहही नव्हतं. पण स्टीफन रे या बेलफास्टच्या नटाला लंडनमध्ये काम करून कंटाळा आला होता आणि दोघांना हे नाटक उत्तरेतूनच सुरू करायचं होतं. अनुदानासाठी संस्था हवी म्हणून संस्था काढली. फ्रील आणि रे, दोन आडनावं एकमेकांवर घासून नाव केलं 'फील्ड डे'. एक कॅथलिक घरातला, एक प्रॉटेस्टंट घरातला. पैसे बेलफास्ट आणि डब्लिन, दोन्हीकडच्या कला परिषदांचे. नटसंच आज वाचला तर डोळे विस्फारतात: पंतोजीच्या भूमिकेत रे मॅकअ‍ॅनली, मोठ्या मुलाच्या भूमिकेत मिक लॅली, धाकट्याच्या भूमिकेत स्वतः स्टीफन रे, आणि डोल्टी या वांड विद्यार्थ्याच्या भूमिकेत लियाम नीसन नावाचा एक उंच तरुण. डेरीनंतर सीमेच्या दोन्ही बाजूंना दौरा.

मुंबईची बोट चुकलेला लेफ्टनंट

आता नाटक. काळ ऑगस्ट १८३३, गाव डोनेगल परगण्यातलं बाले बेग. शब्दशः अर्थ लहान गाव. एका जुन्या गोठ्यात भरणारी 'हेज स्कूल', कुंपणाआडची शाळा. कॅथलिकांना शिक्षणबंदी होती त्या काळात झुडपांच्या आडोशाने अशा शाळा भरत, त्यावरून नाव. पंतोजी ह्यू ओ'डॉनेल सदा प्यायलेला, पण रोमन कवी व्हर्जिल तोंडपाठ. वर्गातला म्हातारा जिमी जॅक अंगावर धुळीने माखलेला कोट घालून होमर मुळातून वाचतो आणि ग्रीक देवी अथेनाबद्दल असा बोलतो की शेजारच्या आळीतली पोर वाटावी. सारा नावाची मुलगी जवळजवळ मुकी. ह्यूचा लंगडा मोठा मुलगा मॅनस तिला स्वतःचं नाव उच्चारायला शिकवतोय. पडदा उघडतो तो या धड्यावरच.

धाकटा मुलगा ओवेन सहा वर्षांनी डब्लिनहून परततो, बरोबर लष्करी मोजणीचे दोन अधिकारी. कॅप्टन लॅन्सी नियमावर बोट ठेवून चालणारा. लेफ्टनंट यॉलंड हळवा, गोंधळलेला, गावाच्या प्रेमात पडलेला. ओवेन त्यांचा दुभाषा. ते त्याला 'रोलंड' म्हणतात आणि तो बराच वेळ दुरुस्तही करत नाही.

या यॉलंडबद्दल मराठी वाचकाच्या कानावर घालण्यासारखं एक आहे. तो खरं तर मुंबईला यायचा होता. बापाने त्याला ईस्ट इंडिया कंपनीत मुंबईला नोकरी लावून दिली होती. साहेब बंदरावर उशिरा पोचले, बोट निघून गेली, बापाला तोंड कसं दाखवायचं म्हणून लष्करात भरती झाले आणि आयर्लंडला आले. फ्रीलने ही गोष्ट दोन-चार वाक्यांत उरकली आहे. पण मोजणीच्या खऱ्या इतिहासातही आयर्लंड आणि हिंदुस्थान अशीच एका धाग्यात आहेत. आयर्लंडची मोजणी १८२४ साली टॉमस कोल्बीच्या हाताखाली सुरू झाली. तिची पायारेषा, म्हणजे पुढची सगळी मोजमापं जिच्यावर बेतायची ती रेषा, डेरीजवळच, फॉइलच्या खाडीकाठी मोजली. तापमानाने लांबी बदलू नये अशा खास जोडपट्ट्या त्यासाठी बनवल्या होत्या. १८२९ साली हिंदुस्थानच्या मोजणीचं काम पाहणारा जॉर्ज एव्हरेस्ट आयर्लंडला जाऊन हे काम पाहून आला आणि तसल्या पट्ट्या हिंदुस्थानात घेऊन आला. त्याच्याआधी इथलं काम पाहणारा विल्यम लॅम्बटन १८२३ साली मोजणी करता करता वारला, तो आपल्या हिंगणघाटला.

सगळे इंग्रजीच बोलतात

या नाटकाची सगळी करामत एका युक्तीत आहे. गावकरी आयरिश बोलतात, साहेब इंग्रजी बोलतात, दोघांना एकमेकांचं अक्षर कळत नाही. पण रंगमंचावर सगळे बोलतात ते इंग्रजीच. कोण कोणत्या भाषेत बोलतोय हे प्रेक्षकाने मनात धरायचं.

पहिल्या अंकात लॅन्सी सरकारी इंग्रजीत नकाशाचा हेतू सांगतो. करआकारणी, लष्करी सोय, सगळं लांबलचक. ओवेन त्याचं 'आयरिश' करतो ते दोन ओळींत, गोड करून, दात काढलेलं. मॅनसला इंग्रजी येतं. तो नंतर भावाला विचारतो, ही लष्करी कारवाई आहे हे तू का नाही सांगितलंस? प्रेक्षकाने दोन्ही इंग्रजीत ऐकलेलं असतं, त्यामुळे मधल्या मध्ये काय गाळलं ते त्याला आपोआप दिसतं. एरवी दुभाषाच्या लबाडीवर निबंध लिहावा लागला असता.

मग नावांचं काम. ओवेन आणि यॉलंड नकाशा पसरून बसलेत, मध्ये दारूची बाटली. बुन ना हावन. 'बुन' म्हणजे तळ किंवा मुख, 'आवा' म्हणजे नदी, नदीचं मुख. वेगवेगळ्या जुन्या याद्यांत वेगवेगळी, चुकीची रूपं. काय करायचं? ठरतं 'बर्नफूट'. ना धड भाषांतर, ना धड उच्चार. आपल्याकडे शीवचं सायन झालं, त्या जातीचं.

पुढे येतो टोबर व्री, एक चौक. 'टोबर' म्हणजे विहीर. पण तिथे विहीर नाही. ओवेनला आजोबांनी सांगितलेली गोष्ट आठवते. दीडशे वर्षांपूर्वी जवळच्या शेतात विहीर होती. ब्रायन नावाच्या म्हाताऱ्याच्या तोंडावर गाठ होती. विहिरीचं पाणी पवित्र, या श्रद्धेने तो सात महिने रोज तिथे तोंड धुवायला गेला. गाठ काही गेली नाही. एका सकाळी तो त्याच विहिरीत बुडालेला सापडला. 'व्री' हा त्याच ब्रायनचा अपभ्रंश. विहीर कधीच आटली, ती चौकात नव्हतीच, आणि ही गोष्ट आता गावात ओवेनशिवाय कोणाला ठाऊक नाही. मग ओवेन विचारतो: ज्याची कुणाला आठवण नाही अशा माणसाचं नाव, नसलेल्या विहिरीसाठी, ठेवायचं की नाही? यॉलंड म्हणतो, ठेव. इंग्रज म्हणतोय ठेव, आयरिश म्हणतोय कशाला. ज्यांना या नाटकात नुसता दुष्ट साहेब दिसतो त्यांनी हा प्रवेश पुन्हा वाचावा.

आणि तो प्रेमप्रवेश. नाच चालू असताना यॉलंड आणि मॉयरा हात धरून बाहेर पळतात. तिला इंग्रजीचं एकच वाक्य येतं, मावशीने शिकवलेलं, नॉरफोक परगण्यातल्या खेळाबद्दल. अर्थ माहीत नाही. यॉलंड नॉरफोकचाच! तो उसळतो, तिला वाटतं आपण काहीतरी भलतंच बोललो. शेवटी त्याला आयरिशमधलं जे थोडंफार येतं ते तो म्हणायला लागतो: गावांची नावं. दिवसभर ज्यांची तो काट मारत बसलेला असतो, तीच. ती पुढचं नाव म्हणते, तो त्याच्या पुढचं. एकेका नावाबरोबर दोघं जवळ येतात. तो म्हणतो, मला इथे तुझ्याजवळ कायमचं राहायचंय. ती म्हणते, मला इथून कायमचं घेऊन जा. तिला अमेरिकेला जायचं आहे, म्हणूनच तिला इंग्रजी हवी आहे. दोघांच्या मागण्या नेमक्या उलट, आणि दोघांनाही वाटतं आपलं जमलं. हे कळतं फक्त प्रेक्षकाला.

हे नाटक मराठीत करायचं म्हटलं तर पहिला मोह होईल तो आयरिश लोकांना बोली देण्याचा, मालवणी किंवा वऱ्हाडी, आणि साहेबांना प्रमाण मराठी किंवा मोडकी मराठी. तिथेच नाटक मरेल. हे खेडवळ लोक तर होमर वाचतात. ह्यूची वाक्यं इंग्रज कॅप्टनपेक्षा भारदस्त आहेत. दोघांनाही एकच, तोलामोलाची भाषा द्यायला हवी आणि 'यांना एकमेकांचं कळत नाही' हा भार नटाच्या डोळ्यांवर, अडखळण्यावर टाकायला हवा. नटांसाठी हे भयंकर अवघड. समोरच्याचं वाक्य स्वच्छ कळलेलं असताना न कळल्यासारखं ऐकायचं.

तिसरा अंक वेगाने उतरतो. यॉलंड नाहीसा होतो. डॉनेली जुळ्या भावांचं नाव कुजबुजलं जातं; ते रंगमंचावर एकदाही येत नाहीत. १९८० सालच्या डेरीत त्या दोन अदृश्य, लपून वार करणाऱ्या भावांची ओळख कोणाला करून द्यावी लागली नसेल. लॅन्सी येतो: २४ तासांत यॉलंड सापडला नाही तर गावातली सगळी जनावरं मारू, ४८ तासांत नाही तर घरं रिकामी करून पाडू. कुठली घरं? तो यादी वाचतो, नव्या इंग्रजी नावांनी. गावकऱ्यांना ती नावं कळत नाहीत. ओवेनला ती परत आयरिशमध्ये सांगावी लागतात. स्वाइनफोर्ट. लिस ना मुक. बर्नफूट. बुन ना हावन. किंग्ज हेड. क्नोक ना री. ज्या माणसाने ही नावं बदलली, त्याच्याच तोंडून ती एकेक करून परत. लॅन्सी साराला विचारतो, तुझं नाव काय? पहिल्या प्रवेशात शिकलेलं ते वाक्य तिच्या ओठांवर येता येता थांबतं, ते कायमचंच.

फुकट मिळालेली आयरिश

आता महापौरांकडे परत. एक सोपं उत्तर असं दिलं जातं की चांगली कला भांडणापलीकडे जाते. मला ते पटत नाही. महिन्याभराने, २७ ऑक्टोबरला, मेझ तुरुंगात रिपब्लिकन, म्हणजे संयुक्त आयर्लंडसाठी हत्यार उचललेल्या, कैद्यांचं पहिलं उपोषण सुरू झालं. पुढच्या वर्षीच्या उपोषणात दहा जण मेले. भांडण आपल्या जागीच होतं.

माझं उत्तर त्या युक्तीत आहे. गिल्डहॉलमध्ये बसलेल्यांपैकी बहुतेकांची रोजची भाषा इंग्रजीच, कॅथलिकांचीही. पण नाटकातल्या कराराप्रमाणे ते आयरिश 'ऐकत' होते. ह्यूच्या विनोदावर हसताना, मॉयराचं म्हणणं समजताना, साहेबांची फजिती बघताना सभागृहातला प्रत्येक जण तेवढ्या वेळापुरता आयरिश भाषक झाला होता, एक शब्दही न शिकता. युनियनिस्टसुद्धा. बहुधा आयुष्यात पहिल्यांदाच त्यांना गोष्टीच्या आतल्या बाजूला बसायला जागा मिळाली. नॅशनलिस्टांना वाटलं, आपलं गेलेलं आपल्याला ऐकू आलं. दोन्ही बाजू एकाच गोष्टीला टाळ्या वाजवत होत्या का? मला नाही वाटत. पण दोन्ही बाजूंना उभं राहायला कारण मिळालं होतं हे खरं.

आणि याच जागी मला थोडं खटकतं. ही आयरिश फारच स्वस्तात मिळते. प्रत्यक्षात ही भाषा मागे पडली त्याची कारणं नकाशाबाहेरची: १८३१ साली सुरू झालेल्या सरकारी शाळा, त्यात फक्त इंग्रजी. १८४५ नंतरचा बटाट्याचा दुष्काळ. आणि पोट भरायला परदेशी जाणं. १८५१च्या जनगणनेत आयरिश बोलणारे उरले १५ लाखांच्या आसपास, चौघांत एकसुद्धा नाही. मॉयरासारख्या लाखो लोकांनी इंग्रजी मागून घेतली, हे फ्रीलला ठाऊक आहे, म्हणून तर त्याने मॉयरा लिहिली. ह्यू शेवटी तिला इंग्रजी शिकवायला तयार होतो, आणि नवी नावं शिकून त्यातच घर केलं पाहिजे असं काहीसं बोलतोही. पण घरी जाताना प्रेक्षकाच्या मनात राहते ती घरं पाडणाऱ्या कॅप्टनची यादी.

इतिहासकारांचं बिल

ते लवकरच आलं. फ्रीलने ज्यांचं पुस्तक वाचून मोजणीचा तपशील उचलला, ते इतिहासकार जे. एच. अँड्र्यूज. १९८३ साली 'द क्रेन बॅग' या नियतकालिकात दोघांची जाहीर चर्चा छापली गेली. आक्षेप साधे होते. मोजणीचे सैनिक संगिनी घेऊन फिरत नसत आणि कुणाला घराबाहेर काढण्याचा त्यांना अधिकारही नव्हता. आयरिश नावांची इंग्रजी रूपं शतकभर आधीपासूनच रुळली होती. मोजणीने त्यातलं एक पक्कं केलं. उलट या कामावर जॉन ओ'डोनोव्हन हा आयरिशचा मोठा पंडित नेमला होता, आणि गावोगाव हिंडून, म्हाताऱ्यांना विचारून त्याने जी मूळ नावं टिपून ठेवली त्यांच्यावर आजचे संशोधकही अवलंबून असतात. यॉलंड नावाचा खरा अधिकारी होता. तो कुठेही नाहीसा झाला नाही, पुढे बढती घेत रेल्वेचा मुख्य निरीक्षक झाला.

फ्रीलचं म्हणणं थोडक्यात असं की नाटक आधी नाटक असतं, इतिहास नंतर. ठीक. पण ओवेन आणि ओ'डोनोव्हन यांच्यातलं अंतर मला इतिहासाच्या चुकीपेक्षा नाटकाचीच हुकलेली संधी वाटते. परक्या सरकारचा पगार घेऊन आपल्याच भाषेची नावं वाचवणारा माणूस हा ओवेनपेक्षा जास्त अडचणीचा नायक झाला असता. समीक्षक एडना लाँगली यांनी तर बेलफास्टहून आणखी कडक हल्ला केला: हे नाटक हिरावून घेतलेल्या भूमीच्या मिथकाची तपासणी करत नाही, ते मिथकच पुन्हा सांगतं.

फ्रीलला स्वतःलाही या भक्तिभावाची धास्ती वाटली असावी. १९८२ साली त्याने त्याच गिल्डहॉलमध्ये, त्याच संस्थेतर्फे एक फार्स आणला. जागा तीच, बाले बेग. पण आता तिथे हौसेने 'अस्सल' करून ठेवलेली शाकारलेली झोपडी आहे आणि शहरी माणसं तिचा उपयोग एकमेकांवर छाप मारायला करतात. भाषेवर प्रबंध लिहिणारा प्राध्यापक कोणाशीच धड बोलू शकत नाही. शेवटी झोपडी सगळ्यांच्या डोक्यावर कोसळते. आपल्याच देवळावर लेखकाने दोन वर्षांत हातोडा घातला. अर्थात लोकांनी देऊळच जपलं. फार्स आज फारसा कोणी करत नाही.

फील्ड डे पुढे मोठी झाली. शेमस हीनी, शेमस डीन, टॉम पॉलिन, डेव्हिड हॅमंड संचालक मंडळात आले, पुस्तिका निघाल्या, वाद झाले. १९९१ साली आयरिश लेखनाचा तीन खंडांचा प्रचंड संग्रह निघाला, आणि कोणाचा आवाज गाळला गेला हे सांगत दहा वर्षं काढलेल्या या मंडळींना बायकांनी विचारलं, आमचा कुठे आहे? संपादक सगळे पुरुष होते. २००२ साली आणखी दोन खंड काढावे लागले.

नाटकाचं म्हणाल तर ते थांबलेलंच नाही. २०१८ साली लंडनच्या नॅशनल थिएटरने केलं, २०२३ साली कीव्हहून आलेल्या मंडळींनी युक्रेनियनमध्ये अ‍ॅबीच्या रंगमंचावर केलं. जिथे शेजारच्या बलाढ्य भाषेचं ओझं आहे तिथे ते लागू पडतं. फक्त आयर्लंडमध्येच मध्यंतरी गंमत झाली. केरी परगण्यातलं डिंगल हे पर्यटकांचं आवडतं बंदर आयरिशभाषक पट्ट्यात मोडतं. २००५ साली सरकारने त्या पट्ट्यातली इंग्रजी नावं अधिकृत वापरातून काढली. डिंगलच्या पाट्यांवर फक्त 'अन डांगन' उरलं. गावकरी भडकले. डिंगल नावावर आमचा धंदा चालतो, आणि आयरिशमध्ये म्हणाल तर आमचं नाव वेगळं, 'डांगन ई हूश', असं त्यांचं म्हणणं. २००६ साली मतदान झालं, प्रचंड बहुमताने दोन्ही नावं एकत्र मागितली गेली. सरकार ऐकेना. तोवर पाट्यांवर रात्री कोणीतरी रंगाने 'डिंगल' लिहून जायचं. २०११ साली कायदा बदलून गावाला 'डिंगल' परत मिळालं. इथे कॅप्टन लॅन्सी डब्लिनचा होता आणि आयरिश बोलत होता.

डेरीचं अधिकृत नाव अजून लंडनडेरीच आहे; २००७ साली न्यायालयाने तसा निर्णय दिला. गिल्डहॉलमध्ये १९७२च्या गोळीबाराची दुसरी चौकशी वर्षानुवर्षं चालली. तिचा अहवाल १५ जून २०१० रोजी आला: मेलेल्यांपैकी कोणापासूनही सैनिकांच्या जिवाला धोका नव्हता. ब्रिटिश पंतप्रधानांचं निवेदन चौकात मोठ्या पडद्यावर दाखवलं गेलं. त्या दिवशी, ३८ वर्षं उशिराने, मोर्चा गिल्डहॉलच्या चौकात पोचला. नातेवाईक इमारतीतून बाहेर आले, एकेक जण ध्वनिक्षेपकापाशी गेला, आपल्या माणसाचं नाव उच्चारलं आणि पुढे एकच शब्द म्हटला: निर्दोष. सगळी नावं होईपर्यंत.